सोळावी तीथ

आते, आज मी शाळा बुडवली.

रजेचा अर्ज रीतसर दिलाय, पण कारणाच्या जागी 'घरगुती' एवढंच लिहिलं. मुख्याध्यापकांना काय सांगणार होते, की आज पाडवा आहे आणि मला खाडीवर जाऊन पाणी किती वाजता भरतं ते बघायचंय? चौथीच्या वर्गाला दुसऱ्या बाईंच्या हवाली केलं आणि कणकवलीहून सकाळची एस.टी. धरली. मालवणला उतरून तशीच चालत इथे आले. तू टोपली टेकवायचीस त्या दगडावर बसलेय. मनगटावरच्या घड्याळात सव्वाअकरा झालेत. बाराला अवकाश आहे, म्हणून वही काढली.

तू गेलीस तो पुनवेनंतरच्या प्रतिपदेचा पाडवा. आजचा अमावास्येनंतरचा. तो दिवस धरून आज सोळावा दिवस. सोळावा म्हटलं की तुला हसू येणार, मला माहीत आहे.

आपलं भांडण पाऊण तासाचं होतं आणि ते मिटवायचं राहून गेलं. तू म्हणायचीस, पाडव्याला पाणी पाऊण वाजता भरतं. मी म्हणायचे, बारा वाजता. गेल्या दिवाळीच्या सुट्टीतसुद्धा तू रात्री अंथरुणावर उठून बसलीस आणि मला दम दिलास, "तुझी फायनल परीक्षा ऱ्हवांदे तुझ्याकडे. पाडव्याक पाऊण म्हणजे पाऊण. पुढच्या खेपेक येशीत तेवा दोघां जावन बघूया." पुढची खेप तुझ्या बाराव्याची झाली. म्हणून आज एकटीच आलेय.

हे भांडण लागलं कसं, ते तुझ्या तोंडून ऐकावं तर त्यात मीच चोर ठरायचे. तशी मी होतेच. आई गेली तेव्हा मी चार वर्षांची होते आणि बाबा आठ महिने गलबतावर. मला वाढवलंस तू. सकाळी बाजारात मासे विकायचीस आणि ओहोटीनं पाणी सुकलं की खाडीच्या मधल्या वाळूच्या पट्टीवर तिसऱ्यांच्या शिंपल्या काढायला जायचीस. पायाच्या अंगठ्यानं चाचपायचं, करवंटीनं उकरायचं, की ओल्या वाळूतून तिसरी वर यायची. मला दुसरं काही नको असायचं. दर पंधरवड्याची बारस आणि तेरस आली की सुकती नेमकी दुपारच्या शाळेवर यायची. मग मी जेवायच्या सुट्टीत घरी यायचे ती परत जायचेच नाही. तूही कधी "शाळा नाय काय गो?" असं विचारलं नाहीस. माझी बोटं बारीक, तुझ्यापेक्षा लवकर टोपली भरायची. खरं म्हणजे आपण दोघी चोर होतो.

आमचे गुरुजी घाटावरचे. त्यांना पाण्याचं काहीच कळत नसे. देवभक्त माणूस, रोज सकाळी फळ्याच्या उजव्या कोपऱ्यात वार, तारीख आणि तिथी लिहिल्याशिवाय शिकवायला सुरुवात करायचे नाहीत. चारपाच महिने हजेरी बघून बघून एक दिवस त्यांनी मला टेबलाशी बोलावलं. आता छडी, म्हणून मी हात आधीच पुढे केला. तर ते हळू आवाजात म्हणाले, "काय गं, तू दर तेरशीला दुपारी नसतेस. प्रदोष करतेस की काय?"

प्रदोष म्हणजे काय ते मला ठाऊक नव्हतं, पण सुटायची वाट दिसली. मी मान डोलावली.

आणि काय सांगू आते, त्या दिवसापासून माझी शाळेत वट वाढली. एवढंसं पोर शंकराचं व्रत करतं म्हणून गुरुजींनी वर्गापुढे माझं कौतुक केलं. पाऊणकीचा पाढा येत नव्हता म्हणून बाकीची मुलं छड्या खायची, मला मात्र "तू उद्या म्हण" एवढ्यावर सोडायचे. दोन महिने मी प्रदोषावर काढले. बारशीला का नसते असं त्यांनी विचारलं तेव्हा मी ठोकून दिलं, की आदल्या दिवशी तयारी असते.

हे बिंग तूच फोडलंस. गुरुजींनी तुला निरोप धाडला, घरचं वळण चांगलं आहे, एकदा भेटून जा. बाजार आटपून तू तशीच आलीस. माशांची टोपली पायरीवर ठेवलीस, पदराला हात पुसलेस आणि दारात उभी राहिलीस. गुरुजींनी नारळ पुढे केला. "बाई, या वयात तेरशीचं व्रत पाळायचं म्हणजे मोठी गोष्ट आहे. तुम्ही शिकवलंत."

"वरत?" तू माझ्याकडे बघितलंस, मग त्यांच्याकडे. "खंयचां वरत, मास्तरांनु? ह्यां चेडू तेरशीक माझ्या वांगडा तिसऱ्ये काढूक येता!"

सगळा वर्ग हसला. गुरुजी हसले नाहीत. नारळ त्यांच्या हातातच राहिला. त्यांचे कान लाल झाले होते आणि मला वाटलं, आता हे आपलं नाव पटावरून काढणार. ते म्हणालेच, "म्हणजे एवढे दिवस मला फसवलं. बाई, हे असं चालायचं नाही. हिला शाळेत ठेवायची की खाडीत न्यायची, एक काय ते ठरवा. नाव मी कमी करून टाकतो." मग रागातच, पण खरोखर नवल वाटून त्यांनी विचारलं, "आणि तेरशीलाच का?"

"सुकती दुपारची तेवाच येता म्हणान," तू म्हणालीस.

"पण ती कधी येते हे तुम्हाला कळतं कसं?"

तुला कुणी तरी हे विचारावं याची तू किती वर्षं वाट बघत होतीस कोण जाणे. तू कमरेवर हात ठेवलास आणि आजोबांनी, गलबतावरच्या म्होरक्यानं, त्या तांडेलानं, तुला लहानपणी दिलेली तिथींची माळ सुरू केलीस. "पाडव्याक पाऊण, बीजेक दीड, तिजेक सव्वादोन, चवथीक तीन, पंचमीक पावणेचार..." ही भरतीची वेळ. त्यात सहा तास मिळवले की सुकती.

षष्ठीला पोचलीस आणि मागच्या बाकांवरून कुणी तरी तुझ्याबरोबर म्हणायला लागलं. सप्तमीला आणखी चारजण. "सात पाऊणे सव्वापाच," ते म्हणत होते, आणि तू म्हणत होतीस, "सातमीक सव्वापाच." नवमीला अख्खा वर्ग तुझ्याबरोबर होता. आते, तू पाऊणकी म्हणत होतीस. मला जो पाढा येत नव्हता तो माझ्या घरात, चुलीपुढे, रोज म्हटला जात होता, आणि तो हाच हे मला कधी कळलं नव्हतं. गुरुजींनी नारळ टेबलावर ठेवला.

"बाई," ते म्हणाले, "तुम्हाला पाऊणकी येते. शाळेत न जाता."

त्यांना वाटलं, ते तुझा मान करताहेत. तू मात्र विचारलंस, "मगे हेका शाळेत कित्या धाडूचां?"

 मी मनातून खूश. गुरुजींनी शेवटी मास्तरांचं हत्यार काढलं. "पंधरापर्यंत आलं तुम्हाला. आता सांगा, सोळा पाऊणे किती?"

"सोळावी तीथ खंय आसता, मास्तरांनु?" तू त्यांची कीव करत म्हणालीस. "पंधराक पुनव. मागसून परत पाडवो."

"आणि पाढा पुढे चालतो. सोळा पाऊणे बारा. म्हणजे पुनवेनंतरच्या पाडव्याला पाणी बाराला भरायला हवं. तुम्ही म्हणता पाऊणला. कुठलं खरं?"

तू म्हणालीस, "पाण्याक इचारा," आणि टोपली उचलून निघालीस. जाताना माझा हात धरून मलाही बाहेर काढलंस. पटावरचं नाव त्यांनी त्या दिवशी खोडलं नाही, पण शाळा माझ्यापुरती संपली असं मी धरूनच चालले होते. खोटं का सांगू, मला आनंद झाला होता.

तो आनंद जेमतेम महिनाभर टिकला.

त्या पंधरवड्यात तू बोटांवर दिवस मोजत होतीस, नेहमीसारखे. तुझ्या हिशेबानं तेरस होती, म्हणजे पावणेचारला पाणी पुरतं सुकणार आणि पावणेपाचपर्यंत आपण निवांत. आपण मधल्या पट्टीवर होतो, पाठ काठाकडे. माझी टोपली भरत आली होती. मी सहज वळून बघितलं तर पट्टी आणि काठ यांच्यामधला ओहोळ, जो आपण घोट्याएवढ्या पाण्यातून ओलांडून आलो होतो, तो रुंद झाला होता आणि पाणी वर चढत होतं. तू उन्हाकडे बघितलंस. "अजून येळ आसा," असं म्हणालीस खरी, पण तुझा आवाज मला निराळा लागला.

मग तू वाट बघितली नाहीस. मला खांद्यावर घेतलंस आणि उतरलीस. पाणी तुझ्या कमरेला लागलं, मग छातीला. मधोमध तुझा पाय सटकला तेव्हा मी तुझे केस दोन्ही मुठींत धरले होते. टोपल्या दोन्ही गेल्या. काठावर आलो तेव्हा तू मला खाली ठेवलंस आणि पहिल्यांदा एक थोबाडीत दिलीस, मग जवळ घेतलंस. थोबाडीत का दिलीस ते तुला कधी विचारलं नाही. तू एकच वाक्य पुनःपुन्हा म्हणत होतीस, "पाणी असां कधी चुकूक नाय."

दुसऱ्या दिवशी सकाळी तू मला घेऊन शाळेच्या दारात. गुरुजींना वाटलं, भांडायला आलीस. तू फक्त विचारलंस, "काल हयसर कितवी तीथ लिवलेलास?"

"काल? द्वादशी."

"तेरस नाय?"

"तेरस आज. या पंधरवड्यात दोन नवम्या होत्या बाई, एक तिथी दोन दिवस चालली. कधी कधी होतं तसं." त्यांनी पंचांग उघडून दाखवलं. तुला त्यातलं काही वाचता येत नव्हतं, तरी तू वाकून बघितलंस. "त्यामुळे हा पंधरवडा सोळा दिवसांचा आहे."

पाणी चुकलं नव्हतं. माळही चुकली नव्हती. तू बोटांवर मोजत असताना एक दिवस जास्तीचा येऊन गेला होता, आणि तो या फळ्याच्या कोपऱ्यात लिहिलेला होता. मी त्या दिवशी शाळेत असते तर मला तो दिसला असता. मला तेव्हा नऊ वर्षांच्या अकलेनं जे कळलं ते एवढंच, की आतेला सगळं येतं, पण आतेला न येणारं काही तरी आहे आणि ते इथे मिळतं. आजही शिक्षणाबद्दल माझं याहून मोठं मत नाही.

तू गुरुजींना हार दिली नाहीस. "बरां," म्हणालीस, आणि माझ्याकडे वळून हुकूम सोडलास. "आजपासून रोज शाळेत जावचां आणि सांजेक माका तीथ सांगूची. एक दीस चुकलंस तर बघ. तुझ्या एका दिसान दोघां बुडतलंव."

मग काय बिशाद होती माझी! तुझा जीव माझ्या तिथीवर होता. बारस-तेरशीला तू एकटी जायचीस आणि मी वर्गात बसून खिडकीतून उन्हाकडे बघायचे. पाच वाजता सुटले की धावत यायचे आणि कुंपणाच्या गडग्यापासूनच ओरडायचे, "आते, आज तेरस!" तू आतून "बरां" म्हणायचीस. तो शब्द ऐकला की माझं काम झालं असं वाटायचं.

तिथी कोपऱ्यात असायची, पण ती बघायला गेलं की बाकीचा फळाही दिसायचा. सगळ्यात आधी मीच येते हे बघून गुरुजींनी खडू माझ्या हातात दिला. तिथी लिहायची म्हणजे गंमत नव्हे. तृतीया, षष्ठी, अष्टमी, द्वादशी, त्रयोदशी... भाषेतली सगळी आडमुठी जोडाक्षरं त्या पंधरा शब्दांत येऊन बसली आहेत. ती लिहिता यायला लागली तशी मला कशाचीच भीती उरली नाही. पंचांग वाचायला लागले. मग जे हाताला लागेल ते. सातवीच्या फायनलला केंद्रात माझा नंबर वर आला तेव्हा गुरुजींनी तुला मुद्दाम सांगितलं, आणि तू त्यांना म्हणालीस, "ता होयत, पण तिसऱ्ये काढूक इसारला." तुझ्याकडून एकदा तरी ऐकायचं होतं, की शाळेत धाडलं ते बरं केलं. नाही म्हणालीस कधी.

ट्रेनिंगला असताना सुट्टीत मी तुला अक्षरं शिकवायला बसले होते, आठवतं? मी मोठ्या उत्साहानं पाटीवर 'षष्ठी' काढलं. तू त्या 'ष'कडे बघून म्हणालीस, "हेचां पोट कोणी फाडल्यान?" आणि पाटी बाजूला सारून कांदा चिरायला घेतलास. मी रागावले होते. एवढी हुशार बाई आणि शिकत नाही म्हणून. मी म्हटलं, तिथी तरी स्वतः वाचता येईल. तर म्हणालीस, "तू आसंस मा सांगूक."

आता एक कबुली. एकदा मी शाळा चुकवली होती. पाचवीत असताना, दुपारी, मैत्रिणीबरोबर करवंदं काढायला गेले. सकाळी ताप आल्याचं ढोंग केलं होतं म्हणून फळाही बघितला नव्हता. आदल्या दिवशीच्या नवमीत एक मिळवून संध्याकाळी गडग्यावरून ओरडले, "आते, आज दशम!" तू बाहेर आलीस. पदर खोचलेला, हातात कोयता. "खोटां सांगतंस. आज परत नवम आसा. फाल्यां बरोबर बघून ये." मी हादरले. मला वाटलं, तुला पाण्याच्या वासावरून कळलं. तेव्हापासून मी पुन्हा कधी चुकवली नाही. इतकी वर्षं मी ही गोष्ट लोकांना सांगत आले, माझ्या आतेला समुद्र तिथी सांगतो म्हणून.

आते, बाराव्याला नाक्यावरच्या दुकानातली वहिनी आली होती. ती रडत रडत म्हणाली, "सोळा वर्षां झाली. रोज सकाळी बाजारात जाताना दारात उबी ऱ्हवायची नि इचारायची, 'वयनी, आज कितवी तीथ?' भिंतीवरच्या कॅलेंडराचां पान फाडून मिया सांगायचंय. एक दीस चुकूक नाय."

मी म्हटलं, "पण तिथी तर तिला मी सांगायचे."

"तू सांजेक सांगायचंस. तिका सकाळीच म्हायत असायची." मग तिनं पदरानं डोळे पुसले. "मिया एकदा म्हटलंय तिका, 'चेडवाक कित्या दामटतंस गो, माझ्याकडसून घे ना तीथ.' तर म्हणाली, 'वयनी, तेका सांगा नको हां. सांगलास तर घराकडे बसात.'"

जेवणाच्या पानावरून मी उठले. लोकांना वाटलं, रडायला उठली. रडत होतेच, पण मला हसूही येत होतं आणि ते कुणाला दिसू नये म्हणून मी मागच्या दारी जाऊन उभी राहिले. मी प्रदोषाच्या नावावर गुरुजींना दोन महिने फसवलं आणि त्याची एवढी बढाई! तू मला सोळा वर्षं फसवलंस. फायनल होईपर्यंत, ट्रेनिंगच्या सुट्ट्यांत, नोकरी लागल्यावर घरी आले तरी, "आज कितवी गो?" आणि मी ऐटीत सांगायचे. 'शाळेत धाडलं ते बरं केलं' हे तुझ्या तोंडून ऐकायचं राहिलं म्हणून मी रुसून होते. तू ते रोज सकाळी दुकानाच्या पायरीशी म्हणत होतीस. मी तिथे नव्हते एवढंच. ज्या बाईला माझ्या बोटांनी टोपली लवकर भरून मिळायची, तिनं ती बोटं शाळेला दिली आणि बारस-तेरशीला एकटी पाण्यात उतरली. मी तुझी ऋणी आहे, आते. हे तुझ्या कानावर घालायला हवं होतं.

बारा वाजले.

पाणी दगडाच्या खाचेला लागलंय आणि थांबलंय. काडी टाकून बघितली, ती जागची हलत नाही. म्हणजे मी जिंकले. सोळा पाऊणे बारा. गुरुजी बरोबर, पाढा बरोबर. एकची एस.टी. मिळवायची तर आत्ता उठायला हवं. वही मिटली, चपला घातल्या, चार पावलं गेले. आणि परत येऊन बसले.

पाऊण होईपर्यंत बसले. घड्याळाचा काटा पाऊणवर आला तेव्हा पाणी खाचेतच होतं की बोटभर उतरलं होतं, ते मला नीट सांगता येणार नाही. मला बघताच आलं नाही. भरलं होतं, एवढं खरं. तुझी वेळ तू घे.

एस.टी. गेली. हे तीनच्या एस.टी.त बसून लिहितेय. उद्या सकाळी फळ्यावर द्वितीया लिहायचीय. स्टँडवर येताना घराकडून आले. दाराला कुलूप होतं. गडग्यापाशी उभी राहिले आणि मोठ्यानं ओरडले, "आते, आज पाडवो!"

तुला सकाळीच माहीत होतं.